राई राखायची तर काय वाचावं

अन्याय झाला तो आमच्या गावच्या गुरविणीवर. चव्वेचाळीस साली, माघी पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी, सकाळी, गुरं डोंगराला लागायच्या वेळेला. तिनं जन्मभर राखलेल्या देवीच्या राईत त्या वेळी पहिली कुऱ्हाड पडली. तिच्याबरोबर अन्याय झाला तो राईतल्या झऱ्यावर घागर भरणाऱ्या गावच्या प्रत्येक बाईवर. आणि केला कुणी? कोळशाच्या ठेकेदारानं केला, गावच्या पंचांनी केला, आणि मी केला. पहिल्या दोघांविरुद्ध मी पुष्कळ बोललो आहे, छापलंही आहे. तिसऱ्याविरुद्ध आज लिहितो.

निमित्त असं झालं. सांगलीच्या एका वाचनालयानं मला कार्ड टाकलं. झाडं, रानं आणि पाणी यांच्या राखणीविषयी सामान्य माणसानं वाचावं असं काय काय आहे, त्याची यादी करून द्या, म्हणाले. माझी निवड का केली हे मला ठाऊक आहे. राईच्या प्रकरणात मी राई वाचवणारा, असा लोकांचा समज आहे. तो समज मी कधी मोडला नाही. कार्ड हातात घेऊन आठ दिवस बसलो आणि मला लाज वाटली. त्याच आठवड्यात गावाकडून निरोप आला, की राईचा जो वरचा अर्धा भाग अजून उभा आहे त्याच्यासाठी नवा कागद गावात आला आहे. तेव्हा यादी देतो, पण आधी हे ऐका.

आमचं गाव उंब्रजच्या पश्चिमेला, गाडीरस्ता संपून डोंगर लागतो तिथं. त्या वर्षांत घरटी एक माणूस पलटणीत होता. गावात उरले होते म्हातारे, बायका, आणि माझ्यासारखे पत्रकं वाटणारे. माझ्यावर वॉरंट नव्हतं. पळणारे दुसरे होते, मी लिहिणारा होतो. सांगलीच्या विश्रामबागेतलं कॉलेज बेचाळीसमध्ये सोडलं तेव्हापासून सायक्लोस्टाइलची शाई माझ्या नखांतून गेली नव्हती. दोन पानांत जगातला कुठलाही प्रश्न निकालात काढता येतो, अशी माझी पक्की समजूत होती. पहिल्या पानावर दुश्मन कोण ते सांगायचं, दुसऱ्यावर काय फेकून द्यायचं ते. तिसरं पान कधी लागलंच नाही.

गावाच्या वर, उताराच्या पोटात देवीची राई. जांभळी, हिरडे, बेहडे, करंज, माणसाच्या मांडीएवढे गारंबीचे वेल. भर उन्हाळ्यात आत गेलं की अंगावर ओलसर गारवा यायचा. मधोमध झरा, त्याला दगडात कोरलेली कुंडी. सगळं गाव तिथून पाणी न्यायचं आणि पाण्याखेरीज काहीएक न्यायचं नाही, हा राईचा नियम. उभं झाड तर सोडाच, पडलेली काटकीही उचलायची नाही. आत तुमच्याच हातातली काठी मोडली, तर ती तिथंच टाकून यायची. होळीला पोरं अख्ख्या गावाची लाकडं पळवायची, पण राईतल्या ढलपीलाही कुणी शिवायचं नाही.

नियम पाळून घेणारी होती गुरवीण. नवरा तरणाताठा गेला, मूलबाळ नाही, देवीची पूजाअर्चा तीच करायची. सगळा गाव तिला मावशी म्हणायचा. राईतून बाहेर पडताना ती शिवेच्या दगडाशी थांबायची, लुगड्याचा पदर आणि सोग्याच्या निऱ्या झटकायची, चिकटलेलं एकेक कुसळ वेचून आत फेकायची. पाण्याला आलेल्या बायकांनाही करायला लावायची. घाईची बाई तशीच निघाली तर मागून हाक यायची, "अगं ए, देवीचं बी चोरून कुटं निगालीस? झटक पदर!" बाई हसत परत फिरायची. डोक्यावर भरली घागर आणि एका हातानं पदर झटकणारी बाई, हे आमच्या गावचं रोजचं चित्र होतं.

मला ते बघवत नसे. डोक्यावर ओझं घेतलेल्या बायकांना कुसळासाठी थांबवायचं? ही कसली देवी? मी पत्रक लिहिलं. राईच्या जत्रेतलं बकरं बंद करा, हे त्यात होतं, ते बरोबर होतं, आजही म्हणतो. पण मला तेवढ्यावर थांबायचं नव्हतं. पुढं लिहिलं, झाड तोडलं तर देवी कोपते ही भीती गुलामगिरीचीच धाकटी बहीण आहे. पदराला चिकटलेलं कुसळ परत फेकणाऱ्या भीतीलाच फेकून द्या. हे वाक्य जमल्यावर मी मांडीवर थाप मारल्याचं मला आठवतं.

पत्रक घेऊन मी सरळ मावशीकडेच गेलो. पाठीमागून बोलायची माझी पद्धत नाही. ती शिवेच्या दगडावर बसली होती.

"काय रं पत्रकवाल्या, आज कुनाला शिव्या?"

"तुम्हालाच, मावशी."

"मग वाच की. उबा का? शिव्या तरी बसून दे."

मी बसलो आणि खड्या आवाजात वाचलं. बकऱ्याचं आलं तेव्हा तिनं मान हलवली. "ह्ये ब्येस लिवलंस. मुंडी माज्याकडं येती गुरवाचा मान म्हनून. मला न्हाई खाववत. त्येचं डोळं बगितल्यालं असत्यात." पुढं कोपाचं आलं. मी तिच्याकडं न बघता वाचत गेलो. संपल्यावर तिनं पत्रकाची मागची बाजू उलटून बघितली.

"बरं. देवी कोपत न्हाई. मग झाड तोडायचं का न्हाई, ह्ये कुटं लिवलंय?"

"ते कशाला लिहायचं? ते ज्याचं त्यानं ठरवावं."

"आनि झऱ्याचं?"

"झऱ्याचा काय संबंध, मावशी?"

ती माझ्याकडं बघत राहिली. वेडं पोर बघावं तशी. "तुजं पत्रक अर्दंच हाय रं बाबा. कुपान काडलंस, राखनदार ठिवला न्हाईस."

मी हसलो. आमच्या गटातल्या पोरांना जाऊन सांगितलं, तेही हसले. म्हातारी हुशार आहे, आपल्याच पोटावर पाय येतोय म्हणून बोलते, असं आम्ही ठरवून टाकलं. बाईचं म्हणणं तिच्या पोटाशी नेऊन बांधलं की विचार करायचं काम उरत नाही. आमच्यासारख्या शहाण्यांची ही जुनी खोड आहे, आजही गेलेली नाही.

पत्रक मात्र चाललं. भारी चाललं. चावडीवर, पारावर वाचलं गेलं. पुढच्या दोन महिन्यांत मी डोळ्यांनी पाहिलं, बायका पदर न झटकता निघू लागल्या. एकदोघांनी राईतून वाळली फांदी ओढून नेली, त्यांचं काही वाकडं झालं नाही. मी ते विजय म्हणून मोजत होतो. तेच कराडच्या बाजूचा एक कोळशाचा ठेकेदारही मोजत होता.

लढाईमुळं पेट्रोलची टंचाई होती. सर्व्हिस मोटारी कोळशावर चालायच्या, मागं लोखंडी टाकी लावलेल्या. कोळसा मिळेल तितका कमीच पडायचा. राईकडं आजवर कुणाची नजर गेली नव्हती असं नाही, पण गाव हातात दांडकं घेऊन उभं राहील ही धास्ती होती. आता गावाला देवीची भीती उरली नाही, हे माझ्याच पत्रकानं जाहीर केलं होतं.

ठेकेदार माणूस गोड. पायातलं काढून चावडीत आला. "पंचहो, उभ्या झाडाला मी हात लावत नाही. वाळलेलं, पडलेलं उचलतो. कुजूनच जायचं आहे ते. बदल्यात शाळेवर मंगळुरी कौलं घालून देतो. पोरं पावसात भिजतात, ते मला बघवत नाही."

मलाही बघवत नव्हतं. आमची शाळा गवतानं शाकारलेली. आषाढात निम्मे दिवस पाट्या पुसल्या जायच्या नाहीत, पावसानंच धुतल्या जायच्या. मी त्याच शाळेत शिकलो होतो. कौलं म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढं कौलंच दिसायला लागली.

थोरल्या पंचांनी कागद माझ्या हातात दिला. "तू वाच. तुज्यावर भरवसा हाय समद्यांचा."

कागद तीन पानांचा. आणि मोडीत. आता कबूल करायलाच हवं. मोडी मला येत होती, पण अडखळत. बालबोध अक्षरात मी वाघ होतो, मोडीत पहिलीतलं पोर. चावडी भरलेली. बाहेर ओट्याच्या कडेला बायका, त्यांच्यात मावशी. ज्या माणसानं कालपर्यंत सगळ्यांना अडाणी ठरवलं, त्यानं आता अक्षर लावत बसायचं? पहिलं पान मी दमानं वाचलं. वाळलेलं व पडलेलं लाकूड, राईची हद्द, शाळेची कौलं, सगळं सांगितल्याप्रमाणं होतं. दुसऱ्या पानाच्या तिसऱ्याच ओळीला अडलो. एक शब्द लागेना. सगळे माझ्याकडं बघत होते. मी पान उलटलं, डोळे वरून खाली फिरवले, आणि कागदाची घडी केली.

"संपला?" बाहेरून मावशीचा आवाज आला.

"संपला, मावशी. बाकीचं नेहमीचंच असतं."

"न्हेमीचं म्हंजी काय असतं?"

"आगं," थोरले पंच म्हणाले, "पोरगं शिकल्यालं हाय. तुला काय कळनार त्यातलं? गप ऱ्हा."

अंगठे उठले. सहा अंगठे, आणि सातवी सही साक्षीदार म्हणून माझी. सही मात्र मी झोकात केली.

दुसऱ्या आठवड्यात मी सांगलीला निघून गेलो. तिकडं नवीन पत्रक काढायचं होतं. विश्रामबागेत एका मित्राच्या खोलीवर उतरलो होतो. गावची खबर कळायला काही मार्ग नव्हता, आणि खरं सांगायचं तर मला ओढही नव्हती. होळीच्या दिवशी सकाळी परत निघालो.

कराडहून उंब्रजची गाडी पकडली. माणसं खच्चून भरलेली, बसायला जागा नाही. क्लीनर म्हणाला, "मागं पोत्यावं बसा, साहेब. कापडं काळी हुतील, पर बूड टेकंल." मी कोळशाच्या पोत्यावर बसलो, मांडीवर पत्रकांचा गठ्ठा. चढाला गाडी दमली तेव्हा क्लीनर खाली उतरून टाकीत सळई घालून ढोसू लागला. पुन्हा सुरू झाली आणि आश्चर्य म्हणजे चढ सहज चढली. तो खूश होऊन म्हणाला, "ह्यो कोळसा लय झ्याक. जांभळीचा हाय. न्हाईतर बाभळीच्या कोळशानं मागच्या महिन्यात हितंच समद्यास्नी ढकलाय उतरवलं हुतं."

"कुठून येतो?"

"तुमच्याच वरच्या डोंगरातनं की. देवीच्या रानाचा हाय म्हनं. आवं, पैल्यांदा आमी भ्यालो, टाकीत घालू का नको. पर त्या गावातल्याच कुना शिकल्याल्या मानसानं लिवलंय म्हनं, देवी काय करत न्हाई."

मी पोत्यावर बसलेला होतो. मांडीवरच्या गठ्ठ्याकडं बघितलं. उतरून चालत जावं असं वाटलं, आणि उतरलो नाही. तसाच उंब्रजपर्यंत बसून आलो. त्या जांभळीनं मला घरापर्यंत आणलं, असंच म्हणावं लागेल.

उंब्रजपासून गाव पायी. डोंगराचं वळण घेतलं की आधी राई दिसायची, मग गाव. त्या दिवशी आधी आभाळ दिसलं. खालचा अर्धा उतार बोडका झालेला. मधे मधे भट्ट्यांचे काळे गोल, अजून धुमसणारे. पडलेलं, वाळलेलं लाकूड तसंच पडून होतं. त्याला कुणी हात लावला नव्हता. उभं कापलं होतं.

भट्टीवरची माणसं खालून, कोकणातल्या जंगलातून आणलेली. पोटासाठी आलेली. त्यांच्यातला एक म्हातारा मला म्हणाला, "आम्ही दोनदा विचारलं गावाला, इथं खरंच तोडायचं का म्हणून. नारळ ठेवला देवीपुढं. गाव म्हणालं, कागद झालाय, आणि तो वाचणारा गावात नाही." त्याला जे विचारावंसं वाटलं ते मला वाटलं नव्हतं. त्याला तर एकही अक्षर येत नव्हतं.

मावशी शिवेच्या दगडावर बसली होती. तिथंच, पण आता त्या दगडाच्या पलीकडं राई नव्हती, बोडका उतार होता. महिनाभर ती रोज तिथं येऊन बसत होती, असं मागाहून कळलं. रडली नाही, कुणाच्या आडवी पडली नाही. गाड्या भरून जाताना बघत राहिली. ती मला शिव्या देईल, मग मलाही काही बोलता येईल, अशी माझी अपेक्षा होती. तिनं माझ्या लेंग्याकडं बघितलं.

"कोळसा लागलाय तुला."

"गाडीत पोत्यावर बसलो होतो." मी हातानं झटकायला लागलो.

"थांब. तितं नगं, रस्त्यावं. हकडं ये. हितं आत झटक." तिनं दगडाच्या पलीकडं बोट केलं. "हितलाच हाय त्यो."

मी आत गेलो आणि लेंगा झटकला. काळी भुकटी पाचोळ्यावर पडली. त्यानंतर मी तुरुंगातही थोडे दिवस काढले, मारही खाल्ला. तो क्षण त्या सगळ्यांहून जड होता.

"मावशी, मी कागद पुरता वाचला नव्हता," मी म्हणालो.

"ठावं हाय मला. पानं उलटताना बोटं दिसत्यात. आता ठेकेदार आलाय चावडीत, नवा कागद घिऊन. मुदत वाडवून दे म्हनतोय. चल, आनि आता शेवटपातुर वाच. दोनी कागद."

दुपार होती. चावडीत पंच बसले होते, ठेकेदार बसला होता, शाईची डबी उघडून ठेवलेली. थोरल्या पंचांनी मला बघून तोंड फिरवलं. मी म्हटलं, "जुना कागद काढा. दोन्ही वाचतो."

"आता काय वाचायचंय?" ठेकेदार हसून म्हणाला. "अहो, नेहमीचंच आहे सगळं."

माझं वाक्य त्यानं मलाच परत केलं. त्याला त्याची कल्पना नव्हती.

पेटीतून कागद निघाला. मी पहिल्या अक्षरापासून सुरुवात केली. दुसऱ्या पानाच्या तिसऱ्या ओळीला पुन्हा अडलो. कुणीतरी तोंडातल्या तोंडात म्हणालं, "पत्रक असतं तर घडाघडा वाचलं असतं." हशा झाला.

बाहेरून मावशी म्हणाली, "अडाकलास तर अडाक. आमास्नी घाई न्हाई. घागरी भरून ठिवल्यात."

मग मी एकेक अक्षर लावलं. मोठ्यानं, पोरासारखं. तो न लागणारा शब्द होता "उभे". भट्टीस लागेल ते उभे लाकूडही तोडण्यास गावाची हरकत नाही. हे तिथं होतं. माझ्या सहीच्या वर होतं. थोरले पंच खाली बघून म्हणाले, "ह्ये तवा का न्हाई वाचलंस?"

"मला मोडी नीट येत नाही," मी म्हणालो. "सांगायची लाज वाटली."

कुणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं. "वाच म्होरं," बाहेरून आवाज आला.

तिसरं पान. अगदी शेवटची ओळ. सदर परवानगी होळी पौर्णिमेपर्यंत, त्यापुढे नवा कागद झाल्याशिवाय काम करू नये. ठेकेदारानं स्वतःच घातलेली ओळ, कारण त्याच्या समजुतीनं तेवढ्यात राई संपणार होती. संपली नव्हती. वरची बाजू खडी चढणीची, तिथं गाड्या लागत नव्हत्या. मग मी नवा कागद वाचला, तोही शेवटपर्यंत. त्यात झऱ्यालगतची झाडं आणि वरची सगळी चढण होती.

बायका ओट्यावरून उठून दारात आल्या होत्या. माझी चुलती त्यांच्यात होती. ती पंचांना म्हणाली, "भावजी, अंगटा उटवायचा तर उटवा. पर उद्यापासनं पानी तुमी आनायचं."

थोरल्या पंचांनी शाईची डबी उचलली आणि झाकण लावलं. एवढंच झालं. भाषण कुणी केलं नाही. ठेकेदार घडी घालून कागद घेऊन गेला. मुदत त्याच दिवशी संपत होती, कागद त्याचाच होता, भांडायला जागा नव्हती. कौलं त्यानं दिली, खोटं कशाला सांगू. शाळेवर आहेत आजही. पाऊस आत येत नाही.

पण झरा? चैत्रात धार करंगळीएवढी झाली. वैशाखात कुंडीत चिखल. माझ्या आठवणीत आणि मावशीच्या आठवणीत कुंडी अशी कधी झाली नव्हती. बायका खाली ओढ्यापर्यंत जाऊ लागल्या, ओढाही आटला तेव्हा त्याच्याही पुढं. चुलती एकदा माझ्यापुढं रिकामी घागर ठेवून म्हणाली, "भीती ग्येली न्हवं आता? मग चल, उचल." त्या उन्हाळ्यात मी खांद्यावर कावड घेऊन पाणी आणलं. पारावरची माणसं म्हणायची, "आला बघा, पत्रकाचा दुसरा भाग." म्हणोत. खरंच होतं ते.

मग मी वाचायला लागलो. हे मी आधी करायला हवं होतं. विश्रामबागेतल्या कॉलेजच्या ग्रंथालयात एका प्राध्यापकांनी मला जंगलावरचं एक जाड इंग्रजी पुस्तक काढून दिलं. तीन आठवडे पुरलं. त्यात एक प्रकरण फक्त पाचोळ्यावर होतं. उतारावर पडलेली पानं, काटक्या, कुजकं लाकूड पावसाचं पाणी कसं अडवतं, जमिनीत कसं मुरू देतं, आणि तेच पुढं झऱ्याला कसं लागतं. आकृत्या काढलेल्या. मी ते घाईघाईनं मावशीला सांगायला आलो. ती म्हणाली, "मग? काटकी उचलू नगा म्हनून मी काय गंमत म्हनून वरडत हुते? पाचोळा म्हंजी डोंगराची वाकळ. वाकळ वडली की डोंगूर उगडा पडतो."

"मग हे असं का नाही सांगितलंत? देवी, देवी काय करायचं?"

"तुला इचारायचं सुचलं असतं तर सांगितलं असतं. तू शिव्या वाचाय आला हुतास."

आम्ही भीती काढायला गेलो आणि भीतीच्या पोटात काय ठेवलंय ते बघितलंच नाही. बकरं गेलं ते बरंच झालं. पण बकऱ्याबरोबर पाचोळाही गेला. मधे कुठं रेघ मारायची, हे त्या बाईला ठाऊक होतं आणि आम्ही तिला गप बसवलं.

त्यानंतरचे दोन पावसाळे मी तिच्याजवळ वही घेऊन बसलो. ती सांगायची, मी लिहायचो, बालबोधीत, कुणालाही वाचता येईल असं. पाणी कुठल्या दगडाखालून येतं. कुठल्या झाडाला कधी फळ धरतं, कुठला पक्षी ते बी कुठं टाकतो. तोडलेल्या जांभळीच्या बुंध्याला फुटवे फुटतात, पण दोन वर्षं शेळी तिथं फिरकू द्यायची नाही. "नवं काय लावाय जाऊ नगंस," ती म्हणायची. "आदी हाय त्ये ऱ्हाऊ द्या. राईला मानूस लागत न्हाई. मानसाला आडवनारा मानूस लागतो." वही भरत आली आणि गेल्या वर्षी, श्रावण लागायच्या आधी, ती गेली. खालच्या उतारावर आता फुटवे डोक्याएवढे झालेत. झरा परत आलाय, पूर्वीच्या निम्मा. तो वरच्या अर्ध्या राईवर जगतोय. ती राई गेली तर झराही जाईल. आणि त्याच वरच्या राईसाठी नवा कागद आला आहे, या खेपेला विटांच्या भट्ट्यांसाठी. कोळशाच्या मोटारी बंद झाल्या म्हणून कुऱ्हाडी थोड्याच बंद होतात!

आता यादी. ते जाड इंग्रजी पुस्तक वाचा, ज्यांना येतं त्यांनी. सगळं नको, पाचोळ्याचं प्रकरण वाचा आणि ते मराठीत लिहून काढा, म्हणजे बाकीच्यांना वाचता येईल. शेतीखात्याच्या बांधबंदिस्तीच्या लहान पुस्तिका मिळतात, त्या वाचा. रुक्ष आहेत, पण खोट्या नाहीत. माझं पत्रक मिळालं तर तेही वाचा, अर्धं लिहिलेलं कसं असतं ते कळावं म्हणून. मावशीची वही मी वाचनालयाला नकलून देतो आहे. ती पहिल्या फळीवर ठेवा, उभ्यानं हाताला येईल अशी. कपाटाला कुलूप लावाल तर मी येऊन भांडेन.

आणि सगळ्यांच्या वर, पहिल्या क्रमांकाला, एक कागद. त्याचं नाव मला सांगता येत नाही, कारण प्रत्येक गावचा वेगळा आहे.

मी उद्या माझ्या गावचा वाचायला निघालो आहे. मोडीची उजळणी केली आहे. पण तुमच्या गावचा मी वाचू शकत नाही. तुम्ही इथवर आलात म्हणजे तुम्हाला वाचता येतं, तेव्हा पळवाट नाही. तुमच्या गावची राई, कुरण, तळं, ओढ्याकाठची झाडं, यांचा कागद कुणाच्या पेटीत आहे ते या आठवड्यात शोधा. तो बाहेर काढायला लावा. चावडीवर बसून, पाणी भरणाऱ्या बायकांना पुढं बसवून, पहिल्या अक्षरापासून शेवटच्या सहीपर्यंत मोठ्यानं वाचा. अडलात तर सगळ्यांदेखत अडा. आणि बाहेरून कुणी "संपला का?" असं विचारलं, तर संपला असेल तरच हो म्हणा.